डोमाभाऊ माईकवाले आणि टीव्हीतून आलेला प्रशांत

डोमाभाऊ कुजबुजायला लागले की आमच्या गल्लीतली कुत्री उठून बसत. मी वाढवून सांगत नाही. वाढवून सांगायचं असतं तर ती स्टेशनकडे पळत सुटायची असं म्हणालो असतो. एक लालसर कुत्रं खरोखरच पळालं होतं, पण त्याला कदाचित गाडी गाठायची असेल.

पाटबंधारे खात्यात बाबू म्हणून माझी बदली नागभीडला झाली आणि डोमाभाऊ पचाऱ्यांच्या घराला लागूनची खोली मला मिळाली. घरमालकाने नळ दाखवला, संडास दाखवला, भिंतीतला कोनाडा दाखवला. शेजार दाखवला नाही. पहिल्या सकाळी मी दात घासत होतो तर पलीकडून आवाज आला, "चहात साखर कमी आहे." माझा चहा अजून चुलीवर चढलाही नव्हता. तरी मी आत जाऊन साखरेचा डबा उघडून बघितला. त्या आवाजात खात्रीच तशी होती.

डोमाभाऊंचा धंदा माईकचा. लग्न, बारसं, तेरवी, कीर्तन, आणि दिवाळीनंतर आमच्या झाडीपट्टीत गावोगाव भरणाऱ्या मंडया, म्हणजे जत्राच, आणि त्यांच्यासोबतची नाटकं. दोन भोंगे, आवाज वाढवायचं एक मशीन, वायरीचं भेंडोळं आणि एक माईक, ज्याला ते आंघोळ घातल्यासारखे रोज पुसत. घराणं ढिवराचं. बाप तलावात जाळं फेकायचा. "बा जाळं फेके, मी आवाज फेकतो," ते म्हणायचे. "पाहाची गोष्ट एकच. शेवटच्या कोपऱ्यात पोचलं का."

या शेवटच्या कोपऱ्याचं त्यांना वेड होतं. बाकीचे माईकवाले स्टेजजवळ उभं राहून 'हॅलो हॅलो' करतात. डोमाभाऊ माईक दुसऱ्याच्या हातात देऊन स्वतः प्रेक्षकांच्या पार मागे, जिथे पोर कडेवर घेतलेल्या बाया उभ्या राहतात तिथे जाऊन उभे राहत, आणि तिथून, माईकशिवाय, स्टेजवरच्या माणसाला सांगत, "नाई आलं. अजून बोल." स्टेजवरच्याला ते स्पष्ट ऐकू जायचं. मग माईक लावायचा कशाला, हा प्रश्न गावात कोणाच्याच मनात यायचा नाही असं नाही, पण विचारणार कोण.

त्यांच्या आवाजाच्या गोष्टी तालुक्यात पसरल्या होत्या, आणि त्यातल्या निम्म्या मी पसरवल्या असल्याने खात्रीने सांगू शकतो. तळोधीकडच्या जंगलाला लागून एका गावात त्यांनी भोंगा बांधला आणि एकदाच घसा खाकरला, तर तिथला वाघ रोजची वाट सोडून दुसऱ्या बीटात गेला. दोन दिवसांनी त्या दुसऱ्या बीटाचा वनरक्षक सायकलवर दारात हजर. म्हणे, "भाऊ, पुढच्या खेपेले भोंग्याचं तोंड तिकडं करा. आमाले वाघ पुरे झाले." तो वनरक्षक अजून नोकरीत आहे. विचारलं तर नाकारेल, पण साहेबांच्या भीतीने.

एका मंडईत कोणाचा तरी बैल हरवला. डोमाभाऊंनी माईक घेतला. बैलाचा रंग, शिंगांचा बाक, उजव्या कानावरची खूण, मालकाच्या घरी त्याच्याविना कसं सुनं सुनं झालं असेल, हे सगळं इतक्या कळवळ्याने सांगितलं की समोरच्या बाया पदराने डोळे पुसू लागल्या. थोड्या वेळाने बैल आला. मागोमाग दुसरा आला, जो हरवलाच नव्हता. तिसराही आला असं मी बरेच दिवस सांगायचो. आता वय झालं, दोनवर थांबतो.

या माणसाला हळू बोलता यायचं नाही. तो शरीराचाच दोष होता, जसा कोणाचा पाय वाकडा असतो. चंद्रपूरला एका डॉक्टरकडे मी त्यांच्यासोबत गेलो होतो. आत तपासणीच्या खोलीत ते, बाहेर बाकावर आम्ही पंधरा-वीस माणसं. बंद दाराआडून डोमाभाऊंची मूळव्याध आम्हाला सविस्तर कळली. केव्हापासून, कोणत्या बाजूला, काय खाल्लं की वाढते. डॉक्टर म्हणाले असावेत की जरा हळू बोला, कारण लगेच आतून आलं, "हळूच बोलून राह्यलो जी." ते बाहेर आले तेव्हा बाकावरच्या एका म्हाताऱ्याने त्यांना सुरणाची भाजी खायला सांगितली. डोमाभाऊंना त्याचं नवल वाटलं. "माणसं किती जाणती असतेत बघा बाबू," वाटेत मला म्हणाले, "नुसतं तोंड पाहून ओळखलं."

पण दोष म्हणून सोडून द्यावं तर त्यामागे एक रीतही होती. तलावावर ढिवरांची पंगत बसायची, धरलेल्या मासळीचे वाटे व्हायचे, तेव्हा जो बोलायचा त्याने पाळीवर, तलावाच्या बांधावर, उभं राहून सगळ्यांत बोलायचं. दोघं बाजूला जाऊन खालच्या आवाजात बोलू लागले की बाकीचे आपल्या वाट्याकडे सरकायचे. हळू बोलणारा म्हणजे काहीतरी लपवणारा. डोमाभाऊ याच रीतीत वाढले. मोबाइल आले आणि माणसं फोन कानाला लावून भिंतीकडे तोंड करू लागली, तेव्हा ते अशा माणसाच्या मागे जाऊन उभे राहत आणि निरागसपणे विचारत, "कोण आहे?"

बायको कौसाबाई, मोठा मुलगा प्रशांत, धाकटी मंदा. कौसाबाईचा आवाज साधा, पण धार अशी की डोमाभाऊंचं लांबलचक वाक्य ती मधेच कापून टाकी. "अजी, गावाले सांगून झालं असन तं मले सांगा, भाजी कोणती करू?"

प्रशांत अबोल. त्या घरात बोलायला जागाच उरली नसावी. चंद्रपूरला आयटीआय करून एसी दुरुस्तीचं शिकला होता, आणि हंगामात बापाच्या मशीनजवळ बसायचा. बटणावर त्याचं बोट असलं की भोंगा कधी करवादायचा नाही.

आता ती मंडईची गोष्ट सांगायलाच हवी.

सिंदेवाहीकडच्या एका मुलीसोबत प्रशांतचं बोलणं सुरू होतं. बोलणं म्हणजे त्याच्या मामाने तिच्या काकाकडे सहज विषय काढला होता, काका हसला होता, आणि मुलीच्या बापापर्यंत गोष्ट अजून पोचायची होती. हे प्रशांतने घरात, जेवताना, बापाला सांगितलं. त्याच आठवड्यात एका मंडईत, दिवस मावळता मावळता, नाटकाला अजून वेळ असताना, डोमाभाऊंना प्रेक्षकांत पुढच्या रांगेत ती मंडळी बसलेली दिसली. बाप, आई, काका, मुलगी. डोमाभाऊंचं मन भरून आलं. त्यांनी माईक उचलला आणि नाटक सुरू होईस्तोवर एक आनंदाची बातमी म्हणून मुलाचं लग्न जाहीर केलं. मुलीचं नाव, तिच्या बापाचं नाव, गाव. मुलीचं नाव मी इथे लिहीत नाही. चार गावांनी ते ऐकलं, तेवढं पुरे.

मुलीचा बाप उठला. मागे आई, काका, आणि खाली मान घातलेली मुलगी. पुढच्या रांगेतून बाहेर पडायला त्यांना सगळ्या प्रेक्षकांमधून जावं लागलं. प्रशांतने मशीनचं बटण सावकाश खाली आणलं, वायर नीट गुंडाळून ठेवली आणि बापाला म्हणाला, "बाबा, माणूस घरात बोलते अन् गावात बोलते. तुमाले घरच नाई. तुमाले सारं गावच आहे."

ते लग्न अर्थातच झालं नाही. मुलीचं पुढे वडशाकडे चांगल्या घरी झालं, सुखात आहे. प्रशांत मात्र थांबला नाही. एजंटामार्फत सिंगापूरला एसी बसवण्याच्या कामावर गेला. जाताना आईच्या पाया पडला, मंदाच्या डोक्यावर टपली मारली, मलाही हात जोडले. डोमाभाऊ दाराशी उभे होते. त्यांच्या बाजूने तो असा गेला जसा विजेच्या खांबाच्या बाजूने माणूस जातो.

"चांगलीच तं बातमी होती," डोमाभाऊ मला नंतर कितीतरी वेळा म्हणाले. पण एक गोष्ट कौसाबाईने हेरली होती. त्या मंडईनंतर डोमाभाऊंनी माईकवरून हरवलेले बैल सांगितले, जेवणाच्या पंगती सांगितल्या, कोणाची चावी सापडली ते सांगितलं. आनंदाची बातमी पुन्हा सांगितली नाही. कोणी चिठ्ठी आणून दिली तर माईक त्याच्याच हातात देत. "तुमचं तुमी सांगा."

प्रशांतचा फोन मंदाच्या मोबाइलवर यायचा, कधीमधी. डोमाभाऊ हात पुढे करायचे, मंदा फोन द्यायची, ते "हॅलो" म्हणायचे, आणि पलीकडे काहीच नसायचं. "लाइन कटली," ते जाहीर करायचे. आम्ही सगळे म्हणायचो, हो, लाइन फार कटते हल्ली. प्रत्येक वेळी नेमकी त्याच ठिकाणी कटणारी लाइन मी आयुष्यात दुसरी पाहिली नाही.

असं वर्ष-दीड वर्ष गेलं. मग दोन हजार नऊच्या सुमाराला ब्रह्मपुरीचा एक पोरगा सिंगापूरहून सुटीवर आला आणि प्रशांतने मंदासाठी पाठवलेला एक काळा डबा देऊन गेला. टीव्हीला जोडायचा व्हिडिओ गेमचा डबा. मंदा कॉम्प्युटर क्लासमध्ये शिकवायची, घरी तिने ब्रॉडबँड घेतलंच होतं. तिने वायरी जोडल्या आणि पुढच्या रविवारी दुपारी, जेवणं झाल्यावर, नागभीडच्या त्या घरात बसून ती सिंगापूरच्या भावासोबत मोटारींची शर्यत खेळू लागली. शिवाय बोलूही लागली. एका कानावर बसणारा हेडसेट होता, त्याला तोंडाशी येणारी एक काडी. काडीत बोलायचं, कानात ऐकायचं, फोनचा खर्च नाही.

गाड्यांचा घरघराट टीव्हीतून यायचा, तो सगळ्यांना. प्रशांतचा आवाज मंदाच्या कानात. डोमाभाऊंच्या घरात, त्यांच्या डोळ्यांसमोर, एका कानाची गोष्ट चालू झाली, आणि तीही त्यांच्या मुलाची.

पहिल्या काही रविवारी त्यांनी त्याचा राग राग केला. बाहेरच्या खोलीत येरझाऱ्या घालत दूधवाल्याला, मांजराला, अंगणातल्या कडुनिंबाला आणि माझ्यासारख्या सापडेल त्याला बोलत राहायचे. मग हळूहळू ते मंदाच्या मागे खुर्ची टाकून आपलं माईकचं मशीन उघडून बसू लागले, दुरुस्तीच्या निमित्ताने, आणि मधेमधे दूधवाल्याला, निंबाला बोलणं चालूच. मशीन बिघडलेलं नसायचं. कौसाबाईने तर लाजच सोडली होती, मंदाच्या गालाला गाल लावून हेडसेटच्या बाहेरून जेवढं झिरपेल तेवढं ऐकायची. डोमाभाऊंना मंदाच्या बोलण्यातलं अर्धंच मिळायचं.

"हो... नाई, आईच्या गुडघ्याचं बरं आहे... हट, मीच जिंकली... भात? भात कसा आहे तिथचा?"

खेळ संपला की ते विचारायचे, सगळ्या गल्लीला ऐकू येईल असं, "मले विचारते का तो?"

"विचारते ना बाबा. पहिले तुमचंच विचारते."

मग डोमाभाऊ गल्लीत येऊन सांगायचे. प्रशांतने विचारलं. म्हणे बाबांची तब्येत कशी. म्हणे जास्त दगदग करू नका. दर रविवारी त्यात थोडी भर पडायची. मी स्वतः या धंद्यातला असल्याने भर कुठून पडली ते मला लगेच कळतं.

एकदा नळावर मंदा भेटली तर मी सहज म्हणालो, "प्रशांत काळजी करते बाबांची, बरं आहे."

तिने घागर भरू दिली. मग खाली बघत म्हणाली, "नाई विचारत, भाऊ. एकदाई नाई. बाबाचं नावच नाई घेत. आता मी कसं सांगू त्यायले?"

डोमाभाऊ मात्र आपल्या परीने विचार करत होते. एका शनिवारी मंदा क्लासला गेल्यावर त्यांनी मला भिंतीपलीकडून हाक मारली. गेलो तर काळा डबा चालू करून टीव्हीसमोर बसलेले.

"बाबू, गाड्याचा आवाज टीव्हीतून येते."

"येते."

"पोराचा आवाज कानातून येते."

"हो."

"दोन्ही याच डब्यातून येऊन राह्यले. एक टीव्हीत जाते तं दुसरा काऊन नाई जाणार? मंदीले इचारलं तं म्हणते होत नाई. होत नाई असं आवाजाच्या बाबतीत काईच नसते. इंग्रजी तुमी वाचा, बाकी मी पाहून घेतो."

मी अडकलो. पोराचा आवाज उघड झाला की पोर काय विचारतं आणि काय विचारत नाही, तेही उघड होणार. मी म्हणालो, डबा तापेल. म्हणालो, टीव्हीचा स्पीकर बारका आहे, परदेशी आवाज त्याला झेपणार नाही. शेवटी म्हणालो, सिंगापूरचा कायदा कडक आहे, तिथल्या माणसाचा आवाज त्याच्या परवानगीशिवाय मोठा केला तर दंड होतो. हे त्यांना थोडं पटलं. मग म्हणाले, "नागभीडात कोण पाहून राह्यलं?"

वाचायला बसलो. आधी मुद्दाम चुकीच्या जागी फिरवलं. एके ठिकाणी असं काही दाबलं गेलं की डब्याची भाषाच बदलली, आणि पुढचा बराच वेळ आम्ही दोघं कोणत्या तरी देशाच्या अक्षरांकडे बघत बसलो. ती परत आणता आणता मला घाम फुटला. आणि नेमकी तेव्हाच ती पाटी समोर आली. बोलण्याचा आवाज कुठून ऐकायचा, हेडसेट की टीव्ही. मी वाचणार नव्हतो. पण टीव्ही हा शब्द डोमाभाऊंना इंग्रजीत ओळखता येत होता.

"हेच ते," ते म्हणाले. "दाबा."

संध्याकाळी मंदा क्लासहून येताना मी तिला फाटकातच गाठून सांगितलं. तिला एका मिनिटात ते पूर्ववत करता आलं असतं. दुसऱ्या दिवशी दुपारी मी त्यांच्या घरी गेलो तेव्हा ती डब्यासमोर बसली होती, आणि मागे डोमाभाऊ, आंघोळ करून, इस्त्रीचा पांढरा शर्ट घालून, दोन्ही हात मांड्यांवर ठेवून. शर्ट बघितला आणि मला समजलं की तिने ते का बदललं नाही.

"मी काईच बोलणार नाई," डोमाभाऊंनी जाहीर केलं. "फक्त ऐकतो. त्याले माहीतच पडू द्याचं नाई."

"तुमच्यानं होते का?" कौसाबाई म्हणाली.

"होते."

आणि झालं. शर्यत सुरू झाली, गाड्या घरघरल्या, आणि त्या घरघरीत एकाएकी प्रशांत खोलीत आला. "मंदे, आली का व?" इतका स्वच्छ की कौसाबाईने दाराकडे बघितलं. डोमाभाऊंचे हात मांड्यांवरच राहिले. तोंड मिटलेलं. मी त्यांना इतका वेळ मिटलेल्या तोंडाने कधीच बघितलं नव्हतं, झोपेतसुद्धा नाही, कारण झोपेत ते घोरायचे आणि ते घोरणं मला भिंतीतून पाठ होतं.

प्रशांत बोलत होता. तिथला भात चिकट. खोलीतल्या केरळच्या पोराने भाजीत खोबरं घातलं. वरच्या मजल्यावर एसी बसवताना एक पक्षी आत शिरला. आईचं विचारलं, गुडघ्याचं विचारलं, माझंही विचारलं. बापाचं नाही. मंदा मागे वळून बघत नव्हती. डोमाभाऊ ऐकत होते, आणि त्यांच्या चेहऱ्यावरून त्यांना काय कळत चाललंय ते मलाही दिसत होतं. त्यांनी मला डोळ्यांनी विचारलं सुद्धा, मी भिंतीवरचं कॅलेंडर बघू लागलो.

मग टीव्हीतून आलं, "मंदे, आज एवढं शांत काऊन आहे?"

"कुठी शांत? गाड्या धावून राह्यल्या ना."

"गाड्या नाई व. घर. बाबाचा आवाज नाई येत."

मंदाच्या हातातली गाडी कठड्यावर आदळली.

"दर रविवारी मागून येते ना," प्रशांत म्हणाला. "दूधवाल्याले बोलते, निंबाले बोलते, त्या बाबूले बोलते. मले इथी सारं ऐकू येते. त्याच्यानंच तं मी काई विचारत नाई. माणूस निंबाले शिव्या देऊन राह्यला म्हणजे बराच असते. आज काऊन नाई?"

 पडद्यावर प्रशांतची गाडी रस्त्याच्या मधोमध थांबली होती आणि बाकीच्या तिला वळसा घालून जात होत्या.

"मंदे. खरं सांग. दवाखान्यात नेलं का? छातीचं काई झालं का? मंदे, बोल ना व. मी उद्याच्या उद्या निघतो, पण तू खरं सांग."

डोमाभाऊ उठले. तोंड उघडलं. आणि ज्या माणसाच्या खाकरण्याने वाघ बीट बदलायचा, त्याच्या तोंडातून जे निघालं त्याकडे उंदरानेही दुर्लक्ष केलं असतं.

"बोला ना जी," कौसाबाई ओरडली. "जल्मभर बोलले, आता मुके झाले का?"

मंदाने हेडसेट काढून त्यांच्या हातात दिला. त्यांनी तो माईकसारखा मुठीत धरला आणि सरळ टीव्हीच्या पुढ्यात जाऊन उभे राहिले, पडद्याला नाक लावून, जणू पोरगा तिथेच काचेमागे आहे.

"इथीच आहो," ते म्हणाले. "काई झालं नाई मले."

 मग, "बाबा?" आणि थोडं थांबून, वेगळ्या आवाजात, "माझाच आवाज मले वापस येऊन राह्यला. बाबा म्हटलं तं मागून बाबा येते. टीव्हीवर लावलं का तुमी मले?"

चालू भोंग्यासमोर माईक धरायचा नसतो, हे माईकवाल्याच्या हाताखालचा पोऱ्या पहिल्या सकाळी शिकतो, आणि नाही शिकला तर डोमाभाऊ त्याला कान धरून शिकवत. तेच डोमाभाऊ टीव्हीच्या तोंडात माईक खुपसून उभे होते. एव्हाना दारात दूधवाला होता, त्याची बायको होती, समोरच्या घरातल्या दोघी होत्या. टीव्हीचा आवाज डोमाभाऊंनी स्वतः लावलेला, म्हणजे शेवटच्या कोपऱ्यापर्यंत पोचेल एवढा.

खोटं बोलायचा तो एक क्षण होता. मी असतो तर बोललो असतो, आणि चांगलं बोललो असतो.

"लावलं," डोमाभाऊ म्हणाले. "बंद करतो. मंदे, कानातलं कर. लवकर कर."

"थांबा. कोण कोण आहे तिथी?"

त्यांनी दाराकडे बघितलं. "तुही आई आहे. मंदी आहे. बाबू आहेत. दूधवाला आहे, त्याची बायको आहे. समोरच्या दोघी आहेत."

"सगळे ऐकून राह्यले?"

"सगळे."

मंदाचं बोट बटणावर होतं.  मला मंडईतली ती मुलगी आठवत होती, प्रेक्षकांमधून खाली मान घालून जाणारी, आणि मला वाटलं, आता ही लाइन कटणार आणि या वेळी ती खरोखरची कटणार.

"राहू द्या," प्रशांत म्हणाला. "आईले मी आज पहिल्यांदाच नीट ऐकू येऊन राह्यलो असन. फक्त तुमी मागं सरका. टीव्हीसमोर माईक धरते का कोणी? सारी हयात गेली तुमची."

डोमाभाऊ एक पाऊल मागे सरकले.

"आता?"

"अजून."

ते खुर्चीला धडकले, खुर्ची पाडली, मागे सरकत राहिले. "आता?"

"अजून थोडं."

हेडसेटची वायर ताणली गेली, तिच्या टोकाचा, मंदाच्या हातातला गाडी चालवायचा कंट्रोलर ओढला गेला, तीही उठून त्याच्यामागे चालू लागली. स्वयंपाकघराच्या उंबऱ्याशी सगळी वरात थांबली.

"आता?"

"आता बरोबर."

दूधवाल्याच्या बायकोला हसू आवरेना, आणि तिच्यामुळे आम्हा सगळ्यांनाच सुटलं, पलीकडे प्रशांतलाही. कौसाबाई मात्र हसली नाही. ती टीव्हीला म्हणाली, "जेवला का रे?"

"जेवलो. बाबा, बोला ना."

"काय बोलू?" डोमाभाऊ म्हणाले. हा प्रश्न त्यांच्या तोंडून मी त्या दिवशी पहिल्यांदा ऐकला. मग त्यांनी खूप विचार केला, आणि विचारलं, "तिथचा भात चिकट काऊन आहे?"

त्यानंतरची सगळी दुपार भातावर गेली. कोणतं धान, किती पाणी, पेज काढतात की नाही. मंडईचा शब्द कोणीच काढला नाही, आणि काढायची गरज होती असं मला वाटलं नाही. बाहेर पायरीवर मंदा बसली होती, डोळे पुसत आणि हसत. "पाहा ना भाऊ," ती म्हणाली, "वर्षभर मी खोटं बोलून राह्यली होती असं मले वाटे. तो तं दर रविवारीच विचारून राह्यला होता. न विचारता." तिच्या पाठीवरून पोतं उतरल्यासारखी ती बसली होती. खरं सांगायचं तर मीही तसाच बसलो होतो.

पुढे त्या घरात एक शिस्तच पडली. रविवारी पहिला थोडा वेळ टीव्हीवर, सगळ्यांसाठी. मग डोमाभाऊ स्वतःच म्हणायचे, "मंदे, आता कानातलं कर, तुमाले भावा-बहिणीले काई बोलाचं असन." आणि अंगणात निघून जायचे. तिथे त्या बिचाऱ्या कडुनिंबाला काहीही कारण नसताना मोठ्याने बोलत उभे राहायचे, म्हणजे सिंगापूरला कळावं की तब्येत बरी आहे. त्या निंबाची त्या काळात इतकी पानं झडली की मी ते झाड वाचेल असं धरून चाललो नव्हतो.

पुढच्या हिवाळ्यात प्रशांत सुटीवर आला आणि माझी बदली सिरोंच्याला झाली. दोन्ही एकाच आठवड्यात. मी निघालो त्या सकाळी बाप-लेक दोघेही स्टेशनवर आले. माझी ट्रंक एकाने डोक्यावर घेतली, वळकटी दुसऱ्याने. बल्लारशाहकडची गाडी उभीच होती. मला खिडकीची जागा धरून दिली, पाणी भरून दिलं. सिरोंच्याला तेलुगू बोलतात तर कसं निभावाल, असं डोमाभाऊंनी मला विचारलं, म्हणजे सगळ्या डब्याला विचारलं, आणि पलीकडच्या बाकावरच्या एका माणसाने त्यांना तेलुगूत उत्तरही दिलं.

मग ते खाली उतरले आणि प्लॅटफॉर्मवरच्या बाकावर जाऊन बसले. शेजारी प्रशांत. थोडा वेळ दोघं रुळांकडे बघत होते. मग डोमाभाऊ वळले, मुलाच्या खांद्यावर हात ठेवला, तोंड त्याच्या कानाजवळ नेलं आणि काहीतरी सांगू लागले. बराच वेळ सांगत होते. प्रशांत मान हलवत होता, मधेच हसला, मग त्याने डोळ्यांवरून हात फिरवला.

बाक माझ्या खिडकीपासून हाताच्या अंतरावर होता. गाडी सुटली नव्हती, इंजिन गप्प होतं, डब्यात कोणी बोलत नव्हतं, आणि मी गजांना कान लावून बसलो होतो. एक अक्षर ऐकू आलं नाही.